रोनन म्हणजे काय

बाळाचं नाव आत्यानं ठेवायचं, हे आमच्याकडे कुणाला शिकवावं लागत नाही. माझं लग्न जमलं नाही आणि पुढे जमवायचा कंटाळा आला. त्याचं मी फारसं वाईट वाटून घेतलं नाही. पण आत्या व्हायची वाट मात्र मी भावाच्या लग्नापासून बघत होते. धाकट्याला या देशात मीच आणला. त्याच्या नोकरीसाठी कितीतरी लोकांच्या मागे लागले, मुलाखतीच्या आदल्या दिवशी त्याला फोनवरून झापलं, तो आल्यावर इकामा, म्हणजे इथला राहण्याचा परवाना, हातात पडेपर्यंत त्याच्यापेक्षा जास्त मीच तणतणले. मी सौदीत अल-खोबरला एका हॉस्पिटलच्या लॅबमध्ये रक्त तपासते, तो इंजिनियर, आमची घरं गाडीनं पाच मिनिटांवर. त्याच्या बायकोला दिवस गेले तेव्हाच मी नाव ठरवून टाकलं होतं. मुलाचं एक, मुलीचं एक. कुणाला सांगितलं नव्हतं. बारशाच्या दिवशी बाळाच्या कानात सांगायचं आणि मग सगळ्यांनी ऐकायचं, त्यातच तर सगळी मजा असते.

बाळ मात्र घाईनं आलं. सातवा सरून आठवा नुकताच लागला होता. ऑगस्टचा महिना, बाहेर पाऊल टाकलं की चष्म्यावर वाफ धरणारी ती खोबरची दमट गरमी, आणि आत, आमच्याच हॉस्पिटलमध्ये, काचेच्या पेटीत माझा भाचा. दीड किलोसुद्धा नव्हता. नाकात नळी, पायाला वायर, आणि डायपर एवढा मोठा की बाळ त्यात हरवलं होतं.

साताऱ्याहून आईचा फोन आला. बाळाची चौकशी झाल्यावर ती म्हणाली, "हे बघ, नाव काढू नका इतक्यात. घरी आणा, पाळण्यात घाला, मग काय ते."

आमच्या गावाकडे अशक्त मूल झालं की त्याला चांगलं नाव देत नसत. दिलंच तर दगडू, धोंडू असलं काहीतरी द्यायचे, म्हणजे कुणाची नजर त्याच्यावर ठरू नये. मी नजरबिजर मानत नाही, असं लॅबमधल्या पोरींना नेहमी ऐकवत असते. पण पेटीतल्या त्या जिवाकडे बघितलं आणि आईचं म्हणणं मला ताबडतोब पटलं. मी भावाला आणि भावजयीला बजावलं, "बारशापर्यंत नाव ठेवायचं नाही. सुचवायचंसुद्धा नाही." भाऊ बरं म्हणाला. भावजय काही बोलली नाही. ती एकूणच कमी बोलते, आणि तिचं न बोलणं मी होकार धरते.

त्याचं रक्त माझ्याच लॅबमध्ये यायचं. टाचेतून काढलेले चार थेंब, एवढीशी नळी, तिच्यावर चिकटवलेलं 'बेबी ऑफ' आणि पुढे आईचं नाव. बाकीच्या पेट्यांमधल्या बाळांची नळकांडीही तशीच यायची. कावीळ किती, साखर किती, जंतुसंसर्ग आहे का, हे मला डॉक्टरांच्या आधी कळायचं आणि डॉक्टरांच्या आधी मी घाबरायचे. आकडा बरा आला की चहा घेताना दोन मिनिटं वर जाऊन यायचे.

अशीच एकदा वर गेले. भावजय पेटीच्या गोल खिडकीतून हात घालून बसली होती आणि अगदी सवयीनं, रोज म्हणत असावी तशी म्हणत होती, "रोनन, डोळे उघड ना रे."

मी मागे उभी होते. मला आधी वाटलं, शेजारच्या पेटीतल्या बाळाशी बोलतेय.

"कोण रोनन?" मी विचारलं.

ती दचकली, पण हात बाहेर काढला नाही. "सिस्टर म्हणतात त्याला तसं."

"कोण सिस्टर?"

तिनं मानेनं दाखवलं. खिडकीपाशी एक उंच, तांबूस केसांची, हातभर वांगांचे ठिपके असलेली बाई औषधाची सिरिंज भरत होती. आयरिश होती. लॅबला फोन करून रिपोर्टसाठी घाई करणारा तो आवाज मला ओळखीचा होता, चेहरा पहिल्यांदा बघत होते. तिनं माझ्याकडे बघून हसून हात केला. मी हसले नाही.

त्या दिवशी लॅबमध्ये माझं लक्ष लागेना. मला नाव ठेवायला मिळालं नाही म्हणून मी सगळ्या जगाला नावं ठेवत बसले. सेंट्रिफ्यूज आवाज करतंय, पोरी मोबाइल बघतात, एसीचं पाणी गळतंय. माझ्याशेजारी बसणारी हैदराबादची मुलगी कारण विचारायला लागली. मी सांगितलं तर म्हणाली, "रोनन? बहुत रोता है क्या?" हसली आणि गेली. मी तिच्याशी संध्याकाळपर्यंत बोलले नाही.

मग मी मोबाइलवर अर्थ शोधायला बसले. भांडायचं तर मुद्दा हातात हवा. बाळांची नावं सांगणाऱ्या त्या वेबसाइटींनी माझी आणखीच सटकवली. एक म्हणे हे आयरिश नाव, दुसरी म्हणे अरबी, तिसरीनं तर ते बेधडक संस्कृत करून टाकलेलं आणि अर्थ दिलेला, रत्न. कुठल्या संस्कृतात, ते मात्र दिलेलं नव्हतं. प्रत्येकीवर भाग्यांक, शुभ रंग, शुभ वार, आणि मध्येच डायपरची जाहिरात अख्खा पडदा झाकून टाकणारी. सगळं बाजूला सारून शेवटी जे धड हाती आलं ते एवढंच: जुन्या आयरिश भाषेत 'रोन' म्हणजे सील, आणि पुढचा 'अन' हा लाडाचा, आपण बाळाचं बाळू करतो तसा. रोनन म्हणजे छोटासा सील. त्या नावाचे बरेच संतही तिकडे होऊन गेलेले.

सील. थंड पाण्यातला तो मिशीवाला, गुळगुळीत, पोटावर सरकणारा प्राणी. आमच्या सात पिढ्यांत तो कुणी पाहिलेला नाही.

त्यात एक गोष्टही सापडली. सीलची एक मादी किनाऱ्यावर येते, कातडं उतरवून बाई होते, कोळ्याशी लग्न करते, तिला मूल होतं. पुढे एक दिवस लपवलेलं कातडं तिच्या हाती लागतं आणि ती मुलाला टाकून समुद्रात निघून जाते. तेच मूल म्हणजे छोटा सील. मला अगदी हवं होतं ते मिळालं. आई सोडून जाते अशा गोष्टीतलं नाव बारशाला कोण ठेवतं?

शुक्रवारी भाऊ मला त्याच्या गाडीतून सामान आणायला घेऊन गेला. मी कॉर्निशवर, समुद्राकाठच्या रस्त्यावर, गाडी थांबवायला लावली आणि हे सगळं त्याला ऐकवलं. समोर आखाताचं पाणी काच ओतल्यासारखं निपचित पडलेलं. त्यानं शांतपणे ऐकून घेतलं. तो लहानपणापासून असाच ऐकून घेतो आणि मग स्वतःला हवं ते करतो.

"ताई, नाव वाईट नाहीये," तो म्हणाला. "छोटं आहे. कुणालाही म्हणता येईल. उद्या आपण बाहेर कुठे गेलो तर—"

"बाहेर म्हणजे? आत्ता आपण कुठे आहोत, कराडला?"

"तसं नाही गं. पुढे कुठे सेटल व्हायचं झालं तर, कॅनडा वगैरे."

"म्हणजे तू ठरवून बसलायस."

"मी काही ठरवलं नाही. तिला आवडलंय. आणि जन्मदाखल्यासाठी नाव तर द्यावंच लागणार ना, किती दिवस थांबायचं?" मग आवाज हळू करून म्हणाला, "पाळण्यातलं नाव तू तुझं ठेव. कागदावर हे राहू दे."

मला एवढा राग आला की मी खाली उतरून चालायलाच लागले. त्या गरमीत. पाळण्यातलं नाव. म्हणजे एकदा कानात म्हणायचं, पेढे खायचे आणि विसरून जायचं. शाळेत रोनन, पासपोर्टवर रोनन, माझं नाव आठवायचं ते मी मेल्यावर. तो गाडी हळूहळू चालवत माझ्या बरोबरीनं येत राहिला आणि काच खाली करून सारखा म्हणत राहिला, "ताई, बस ना." शेवटी घामानं निथळत बसले.

दुसऱ्या दिवशी मी त्या आयरिश सिस्टरला गाठलं. तिची जेवायची सुट्टी होती. कॅफेटेरियात ती एकटीच बसली होती, पुढ्यात भात आणि कोंबडी. मी समोर जाऊन बसले आणि सरळ विचारलं की आमच्या बाळाला नाव द्यायचा अधिकार तुला कुणी दिला. आम्ही इंग्रजीत बोललो, इथे मराठीत लिहिते. इंग्रजीत माझं भांडण नेहमी थोडं मिळमिळीत होतं, पण तिला ते पोचलं.

तिनं काटा खाली ठेवला. "तुम्ही त्याच्या कोण?"

मी आत्या म्हणजे काय ते सांगितलं. आत्याचा मान सांगितला. तिनं मध्ये तोंड घातलं नाही.

"मी त्याच्या आईला नाव विचारलं," ती म्हणाली. "पहिल्या दिवशी विचारलं, नंतरही विचारलं. ती म्हणायची, अजून नाही. वडील म्हणायचे, अजून नाही. मला वाटलं, तुम्ही लोकांनी आशा सोडलीय."

"आम्ही? आशा सोडलीय?" माझा आवाज चढला तसे शेजारच्या टेबलावरचे दोघे वळून बघायला लागले.

"आमच्याकडे अशक्त मूल जन्मलं की पहिलं काम नाव देणं," ती म्हणाली. "दूध नंतर, आंघोळ नंतर. माझी आजी गावात बाळंतपणं करायची. मूल तासभर टिकेल की नाही अशी शंका आली तर ती स्वतःच नाव देऊन मोकळी व्हायची, घरच्यांची वाट बघायची नाही. बिननावाचं जाऊ नये म्हणून. मी तेच बघत वाढले. तुमच्याकडे नाव मागे ठेवतात, हे मला कुणी सांगितलं नाही."

मी तिला दगडू-धोंडूचं सांगितलं. दगडाला कोण उचलून नेणार, म्हणून दगड म्हणायचं, असं. तिला ते अजिबात विचित्र वाटलं नाही, याचाही मला रागच आला. मला ती चुकीची असायला हवी होती.

"पण सील का?" मी विचारलं. "तेही आई टाकून जाते त्या गोष्टीतलं?"

"ती गोष्ट मलाही ठाऊक आहे," ती म्हणाली. "पण माझं गाव समुद्रावर आहे आणि तिथे खरे सील येतात. पिल्लू अंगावर पांढरी मऊ लव घेऊन जन्मतं. आई त्याला खडकावर ठेवून पाण्यात जाते आणि परत येते. शहरातून आलेल्या लोकांना वाटतं, टाकून गेली. ते बिचारे पिल्लाला उचलून नेतात आणि घोळ करून ठेवतात." मग ती स्वतःच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाली, "तुमच्या बाळाच्या पाठीवर, खांद्यांवर बघितलंत ना? तशीच लव आहे. पहिल्या दिवशी त्याला कुशीवर वळवलं आणि माझ्या तोंडून निघून गेलं, रोनन. आईनं विचारलं काय म्हणालात, मी सांगितलं. दुसऱ्या दिवशी तीच म्हणत होती."

लव मी पाहिली होती. लवकर जन्मलेल्या बाळांना ती असतेच, महिन्याभरात झडून जाते, हे मला पुस्तकातून ठाऊक होतं. तिची सुट्टी संपली, ती ताट उचलून गेली, आणि जाताना म्हणाली की आजच्या काविळीचा रिपोर्ट जरा लवकर मिळाला तर बरं. रिपोर्ट मी लवकर दिला. पण माझं समाधान झालं नव्हतं. तिचा दोष नाही एवढंच ठरलं होतं, आणि दोष द्यायला आता घरातलीच माणसं उरली होती.

बाळ ऑक्टोबरात घरी आलं. गाल भरले होते, रडण्यात दम आला होता. बारसं ठरलं आणि पाळण्यासाठी आम्ही दम्माम-खोबर पालथं घातलं. मॉलमध्ये चाकांचे, गाणी म्हणणारे, बटणावर हलणारे सगळे प्रकार होते, पण दोरीनं झुलवायचा साधा टांगता पाळणा कुणाकडे नव्हता. शेवटी एका मराठी डॉक्टरीणबाईंच्या गच्चीवरच्या खोलीत घडीचा लोखंडी पाळणा निघाला. भावानं तो पुसून उभा केला, मी त्याला माझी पैठणी गुंडाळली. घुगऱ्या शिजल्या. आठ-दहा बायका येणार होत्या, आई व्हिडिओ कॉलवर बसणार होती.

आईला रोननचं कुणी सांगितलं नव्हतं. तिनं सकाळीच फोनवर मला विचारलं होतं, "नाव तुझंच आहे ना? का सुनबाईनं आधीच काही घोळ घालून ठेवलाय? तिच्या माहेरी सगळी इंग्रजी खुळं आहेत." मी म्हटलं, बघू. माझ्या डोक्यात माझंच नाव पक्कं होतं. कानात मी सांगणार, मोठ्यानं मी म्हणणार, एकदा चारचौघांत म्हटलं की कोण काय करणार? नंतर दाखल्यासाठी भावाशी भांडायची माझी तयारी होती.

बायका यायच्या आधी मी स्वयंपाकघरात भावजयीला गाठलं. ती घुगऱ्यांवर खोबरं पेरत होती.

"आज मी माझं नाव ठेवणार आहे," मी म्हटलं. "तुला आधी सांगितलेलं बरं."

तिनं मान हलवली. त्या हलवण्याचा अर्थ मला लागला नाही.

"अगं, त्या नावामागची गोष्ट तरी माहितीय का तुला? त्यात आई मुलाला सोडून जाते."

"माहितीय," ती म्हणाली. "सिस्टरनी सांगितली."

"आणि तरीही तुला तेच हवंय?"

तिनं वाटी खाली ठेवली. एवढ्या वर्षांत ती माझ्याशी सलग चार वाक्यं बोलल्याचं मला आठवत नाही. त्या दिवशी बोलली.

"ताई, एकदा दुपारी त्याचं मशीन वाजायला लागलं. तुम्ही खाली होतात, हे साइटवर होते. सगळे धावत आले आणि मला काचेच्या बाहेर काढलं. पेटीभोवती पाच-सहा जण, मला त्याचा पायसुद्धा दिसेना. मला हाक मारायची होती. बाळ म्हणायचं तर तिथे सगळीच बाळं होती. बेबी ऑफ म्हणजे तर मीच की. मग मी काचेवर हात मारून रोनन, रोनन करत राहिले. माझ्याजवळ तेवढंच होतं, ताई. तुम्ही काही दिलं नव्हतंत."

तिच्या आवाजात राग नव्हता. राग असता तर मी उलट बोलले असते, मला ते चांगलं जमतं. तिनं वाटी उचलली आणि राहिलेलं खोबरं पेरायला लागली. ती दुपार मला कुणीच सांगितली नव्हती. त्या दिवशीचं रक्त माझ्याकडे आलं असणार, मी त्याचे आकडे वाचले असणार, आणि वर ती काचेवर हात मारत उभी होती. त्यातही मला चीड येत होती, कुणाची ते कळत नव्हतं. आईची, गावाकडच्या दगडू-धोंडूंची, मला काही न सांगणाऱ्या भावाची. एवढ्या सांभाळून ठेवलेल्या माझ्या नावाचीसुद्धा.

बायका आल्या. ओटी झाली, बाळाला पाळण्याच्या वरून-खालून द्यायचं-घ्यायचं झालं. भावानं मोबाइल फुलदाणीला टेकवून उभा केला, त्यात आई डोळ्यांना चष्मा लावून बसलेली. मला पुढे ढकललं. मी वाकले, बाळाच्या कानाशी तोंड नेलं. त्याच्या मानेवर लव आता नावालाच उरली होती. मी कुर्रर्र केलं आणि नाव सांगितलं. लगेच रीतीप्रमाणे बायकांनी माझ्या पाठीत धपाटे घातले, त्यातले दोन-तीन चांगलेच लागले.

"मोठ्यानं सांगा की," सगळ्या म्हणाल्या.

"रोनन," मी म्हटलं.

भावाच्या हातातला पेढ्यांचा डबा होता तिथेच थांबला. भावजय पाळण्याची दोरी धरून उभी होती, तिनं खाली बघितलं.

"काय?" मोबाइलमधून आई. "काय म्हणाली? रोनन? हे कसलं नाव? म्हणजे काय?"

"समुद्रातल्या एका प्राण्याचं पिल्लू," मी म्हटलं.

"पिल्लू? आगं बाई." आई सवयीनं आवाज बारीक करून, पण सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाली, "सुनबाईनं काढलं ना हे? मला वाटलंच होतं."

खोलीतल्या बायका पाळण्याकडे बघायला लागल्या. भावानं तोंड उघडलं, पण तो काय बोलणार याची मी वाट बघितली नाही. मोबाइल उचलून तोंडासमोर धरला.

"तिचा काय संबंध?" मी म्हटलं. "नाव आत्या ठेवते, आई. मी ठेवलंय."